कणकेची लेक

पाहुणे, त्या खालच्या पायरीवर उभे राहू नका. शेवाळ आहे, आणि इथले मासे माणसाला भीत नाहीत. समोर कोनाड्यात दिसते ती अस्तार्ते, जुन्या फिनिशियन लोकांची थोरली देवी. डोक्यावरची गाईची शिंगं मिसरच्या हाथोरची, हातातली चांदणी बाबिलोनच्या इश्तारची. गलबतांतून माल यायचा, तशा देव्याही यायच्या. तिघी एकच, असं आमचे जुने लोक सांगत. या तळ्यातला मासा कोणी खात नाही. आणि वसंतातल्या जत्रेदिवशी गावात कुठल्याच मुलीला नावाने हाक मारत नाहीत.

त्याला कारण अरिशत. ती देवळाच्या भट्टीवर रोट्या भाजायची. पोटुशी असताना नवऱ्याचं, हन्नोचं, गलबत वादळात सापडल्याची बातमी आली, तेव्हा ती देवीला बोलून बसली, "त्याला परत आण, पोटातलं तुला देईन." घाबरलेलं माणूस काय बोलेल याचा नेम नाही. आठव्या दिवशी हन्नो धडधाकट घरी आला. पुढे मुलगी झाली, तिचं नाव अमत. नवसाचं अरिशतने नवऱ्याला सांगितलंच नाही. आज फेडू, उद्या फेडू करत तिने चार वर्षं काढली.

मग तळं आटू लागलं. मासे चिखलात तडफडू लागले. अमत रोज एकटीच इथे येऊन बसायला लागली. कोणी बोलावलं, असं विचारलं तर म्हणायची, "खालच्या बाईने." अरिशतला आपला नवस आठवला.

शेजारी तामित नावाची मिसरची बाई राहायची. अरिशतने तिच्याजवळ मन मोकळं केलं. तामित म्हणाली, "अगं, आमच्याकडे गरिबाला डुक्कर परवडलं नाही तर तो कणकेचं करून वाहतो. इश्तारलाही मधाच्या पोळ्या चालतात. तू कणकेची पोर कर आणि तिला लेकीचं नाव दे. ती बुडेपर्यंत खऱ्या पोरीला मात्र त्या नावाने हाक मारू नका."

अरिशतने कणकेत मध घातला, स्वतःचे केस कापून मळले, पोरीएवढी पोर भाजली आणि तिला अमतचं अंगडं घातलं. जत्रेच्या दुपारी ती मधल्या डोहात उतरली. देवीची तिन्ही नावं घेऊन तिने कणकेची अमत पाण्यात सोडली. ती निम्मी बुडाली असेल नसेल, तेवढ्यात पायरीवर खेळणाऱ्या पोरीचा पाय घसरला. हन्नोला बिचाऱ्याला काय ठाऊक? कुठलाही बाप ओरडेल तसा तो ओरडला, "अमत!"

पाणी जागच्या जागी थांबलं म्हणे. कणकेची पोर वर आली. सगळे मासे वळले आणि पायरीकडे निघाले. पोर ओ देण्यासाठी तोंड उघडणार, त्याआधी डोहातून अरिशतने ओ दिली.

"ओ. मीच अमत."

मासे मागे फिरले. अरिशत पुन्हा कोणाला दिसली नाही. संध्याकाळपर्यंत तळं काठोकाठ भरलं होतं.

आजही जत्रेला प्रत्येक आई कणकेची लेक सोडते, आणि दिवसभर पोरींना नुसतं 'बाय' म्हणतात. तरी एखाद्याच्या तोंडून नाव निसटतंच. मग पोरीने गप्प राहायचं, ओ आईने द्यायची. गेल्या साली माझ्याच तोंडून नातीचं नाव गेलं. तिला आई नाही. पण काठावरच्या झाडून साऱ्या बायांनी एकदम ओ दिली.