साहेबांच्या घरचा उजेड

माझा दादा वायरमन. रजेच्या दिवशी वीज कार्यालयाच्या बोंद्रेसाहेबांनी फोन केला म्हणून त्यांच्या बंगल्यासमोरच्या खांबावर चढला. तुटलेली तार जोडली आणि उतरताना पडला, तो जागीच गेला.

वहिनीने अनुकंपा नोकरीसाठी अर्ज केला. साहेबांनी तो फेटाळला. मयत रजेवर होता, सबब काम खासगी. कोर्टाने तो आदेश रद्द करून नव्याने विचार करायला सांगितलं. साहेबांनी खूप विचार केला आणि जुन्याच आदेशावर नवी तारीख घातली.

मग आम्ही अवमान याचिका लावली. साहेब हात जोडून म्हणाले, "कोर्टाचा पूर्ण आदर आहे. पण काम खासगीच होतं."

वकिलांनी माझा सदरा ओढून धरला होता, तरी मी उठलोच. "मग साहेब, तुमच्या घरातला उजेड माझ्या दादाचा खासगी आहे. आज येऊन तार काढून नेतो."

न्यायाधीशांनी विचारलं, "बोंद्रे, घरी लाइट आहे?"

"आहे."

"सरकारी की खासगी?"

"सरकारी," साहेब पुटपुटले.

"आणि ती जोडायचं काम?"

संध्याकाळच्या आत वहिनीची नेमणूक निघाली. साहेबांच्या बंगल्यात अजून लखलखाट आहे. दादाची रजा तेवढी संपत नाही.