बुधाजीचा केजन सॉस

खाडीकाठच्या एका गावात बुधाजी नावाचा एक भोळा गडी होता. सांगितलेलं काम तो अगदी सांगितल्यासारखं करायचा, म्हणूनच त्याचं लग्न जमत नव्हतं.

आता पलीकडच्या काठावरच्या शेवंतीचं स्थळ आलं होतं. तिचे वडील लखूशेठ खाण्याचे भारी शौकीन. रविवारी ते मुलीला घेऊन जेवायला येणार होते. जेवण आवडलं तर सोयरीक, नाहीतर होडी पकडून परत. बुधाजीच्या आईने आपल्या भावाला, जनूमामाला, बोलावून घेतलं. मामा जन्मभर बोटीवर स्वयंपाकी होता. अमेरिकेतल्या कुठल्याशा बंदरात तो केजन सॉस शिकला होता. तळलेली कोळंबी त्यात बुडवून खाल्ली की माणूस ताट सोडत नाही, असं तो म्हणे.

मामाने बुधाजीला हाताशी घेतलं. वाडग्यात अंड्याचा बलक, मोहरीची पूड, लसूण, लाल तिखट आणि लिंबू.

"आता तेल सोड. थेंब थेंब. घाई केलीस तर फाटेल."

बुधाजी थेंब थेंब सोडत गेला, मामा घोटत गेला. सॉस लोण्यासारखा झाला. तेल थेंब थेंब सोडायचं, अशी बुधाजीने मनाशी गाठ मारली.

संध्याकाळी मामाने त्याला कोळंबी तळायला सांगितलं. बुधाजीने तापलेल्या कढईत एक थेंब तेल सोडलं. जरा थांबून दुसरा. कोळंबीचा कोळसा झाला.

"अरे, तळताना बुडेल इतकं तेल ओतावं," मामा म्हणाला. "मग उलटसुलट करून कागदावर काढावं, म्हणजे निथळतं."

"एवढंच ना?" बुधाजीने गाठ मारली.

सकाळी मामाचं डोकं दुखत होतं. डोक्याला जरा तेल लाव, म्हणाला. बुधाजीने अख्खा डबा ओतला. मग मामाला धरून अंगणात जुन्या वर्तमानपत्रांवर पालथं घातलं, आणि थोड्या वेळाने उताणं केलं. मामा समुद्रावर वादळं बघून आलेला माणूस, उठून अंग पुसायला लागला. त्याच्या पाठीवर सोन्याचे भाव उमटले होते.

रविवारी पहाटे नवा सॉस झाला. बुधाजीने लगेच चाखला. लसणाने जीभ चरचरली.

"ताजा असाच उग्र असतो," मामा म्हणाला. "झाकून गार जागी ठेवावा, मुरू द्यावा. मध्ये उघडू नये. दुपार कलली की बोट फिरवून चाखावा. काय कमीजास्त ते तेव्हा कळतं."

बुधाजीने घट्ट गाठ मारली आणि वाडगा कोठीच्या खोलीत ठेवून आला.

ताज्या कोळंबीसाठी आई आणि मामा बंदरावर निघाले. जाताना आईने बजावलं, "पाहुणे आधी आले तर सॉस जपतोस तसे जप. हे स्थळ गेलं तर मी हात टेकले."

मासळीच्या होड्या उशिरा लागल्या. पाहुणे मात्र वेळेवर आले. लखूशेठ उन्हाने लाल झाले होते. आल्या आल्या त्यांची कुरकुर सुरू झाली. वाट वाईट, होडी गळकी, घरात विचारायला माणूस नाही. शेवंती मान खाली घालून उभी होती. बुधाजीने सगळं ऐकून घेतलं. ताजे आहेत, म्हणून उग्र, हे त्याच्या लक्षात आलं. त्याने दोघांना मानाने कोठीच्या खोलीत नेऊन बसवलं, दार ओढलं आणि बाहेरून कडी घातली.

आतून दार वाजलं. "अरे, उघड."

"मध्ये उघडत नाहीत," बुधाजीने समजावलं.

दार बराच वेळ वाजत राहिलं. मग दमलं.

दुपार कलल्यावर आई आणि मामा धापा टाकत आले. पाहुणे कुठे आहेत, असं आईने विचारलं.

"मुरतायत."

बुधाजीने उन्हाकडे बघितलं. वेळ झाली होती. त्याने कडी काढली. लखूशेठ घामाने निथळत दारात उभे होते. हातात सॉसचा वाडगा, चाटूनपुसून लख्ख. ते तोंड उघडणार, एवढ्यात बुधाजीने त्यांच्या कपाळावरून बोट फिरवलं आणि चाखलं.

"मुरलेत छान," तो मामाला म्हणाला. "मीठ जरा जास्त झालंय."

मग वडिलांच्या मागून शेवंती पहिल्यांदाच बोलली.

"मग लिंबू पिळा की थोडं."

बुधाजी धावत जाऊन लिंबू घेऊन आला आणि त्याने ते लखूशेठच्या डोक्यावर पिळलं. बिया मात्र काढून.

शेवंतीचं हसू थांबेना. लखूशेठनी रिकाम्या वाडग्याकडे बघितलं, लेकीकडे बघितलं, आणि डोळे चोळत चोळत लग्नाची तारीख काढली.