धुतलेलं करडू

“हे करडू आपलंच कशावरून, बाबा?”

नूरशाबाबा चुलीत काटक्या सारत होते. “नाही कशावरून?”

“शेळी त्याला सडाशी येऊ देत नाही. लाथा मारते. सख्खी आई असं करील? ...बदललंय कुणीतरी.”

कुणीतरी म्हणजे सगुणा. माळावर या फकिरबाबांच्या तकियाला, म्हणजे त्यांच्या मठीला लागूनच तिचा शेळ्यांचा वाडा होता. काल संध्याकाळी बाबांची शेळी अडली, तेव्हा हीच बाई धावत आली आणि तिनेच करडू सोडवलं. पण बाबांचा हा शिष्य, अजीम, उपकारातही काळंबेरं शोधायचा. शहरात चार ग्रंथ वाचून आला होता, त्यामुळे माणसंही न उघडता वाचता येतात असं त्याला वाटे.

“तिचीही शेळी कालच व्यायली. तिचं मरतुकडं तिने आपल्या गळ्यात मारलं. मी आत्ता गावात जाऊन सांगतो. मग तिला या माळावर कोण राहू देतं ते बघू.”

“तिच्या वाड्यात जाऊन पाह्यलंस?”

“त्यात काय पाहायचं? उघड आहे.”

बाबांनी शालीकडे पाहिलं.

अजीमच्या शालीतलं करडू क्षीण ओरडलं. जन्मल्यापासून त्याच्या पोटात दुधाचा थेंब गेला नव्हता. थंडी मरणाची होती. असंच राहिलं तर दुपार काही ते बघत नव्हतं.

“राती मी निजल्यावर याचं काय केलंस?”

“उचलून माझ्याजवळ आणलं. ओलं होतं, घाण होतं. गरम पाण्याने साबण लावून धुतलं. लोबानाची धुरी दिली, शालीत गुंडाळलं. त्या शेळीने तरी एवढं केलं असतं का?”

बाबा उठले. करडू शालीतून ओढून काढलं आणि तसेच गोठ्यात गेले.

शेळी व्यायली होती तिथला ओला पाला त्यांनी करडाच्या अंगावर खसाखसा चोळला. मग शेळीची धार काढून त्याच्या पाठीवर, शेपटीवर सोडली. करडू थरथरायला लागलं.

“बाबा! गारठून मरेल ते!”

बाबांनी नुसता हात वर केला.

शेळी फुरफुरली. मागे सरली. मग मान लांब करून तिने करडाची पाठ हुंगली... पुन्हा हुंगली. शेपटीखाली नाक घातलं. आणि चाटायला लागली.

करडू धडपडत सडाशी पोचलं.

अजीमचं तोंड एवढंसं झालं. त्याला लाज वाटली, पण मागे हटणं त्याच्या स्वभावात नव्हतं.

“संशय तर या शेळीलाही आला होता, बाबा. मग माझंच काय चुकलं?”

“आला होता, खरं हाय,” बाबा म्हणाले. “पण ती हुंगायला जवळ आली.”