गुणाजी, अजगर आणि व्याहीभेट

डोंगराच्या पायथ्याला जांभूळखोल नावाचं गाव, आणि त्या गावात गुणाजी नावाचा एक भोळा गडी होता. भोळी माणसं तिथं आणखीही होती. पण त्यातली काही पंचायतीत बसत आणि उरलेली त्यांना निवडून देत, त्यामुळे त्यांचं भोळेपण कोणाच्या डोळ्यावर येत नसे. गुणाजीचं यायचं.

गडी बैलासारखा दणकट. सांगितलेलं काम कधी मोडायचा नाही. सांगाल ते करायचा. अगदी सांगाल तेच करायचा, आणि सगळा घोळ तिथंच होता.

त्याची धाकटी बहीण सगुणा. रूपात, कामात, बोलण्यात कुठं बोट ठेवायला जागा नाही. दोन स्थळं येऊन गेली. दोघांनी मुलगी पसंत केली, मग त्यांना गुणाजी दिसला आणि पाणीसुद्धा न पिता ते उठून गेले. आता तिसरं स्थळ जमलं होतं. नवरा मुलगा जयराम, पलीकडच्या खोऱ्यातला. सगुणाला तो मनापासून आवडला होता.

आईनं गुणाजीला समोर बसवलं. "हे लग्न मोडलं तर पोरीला चौथं स्थळ येणार नाही. तू आपल्या मनानं काही करू नकोस. सांगितलं तेवढंच कर."

"बरं," गुणाजी म्हणाला. त्याला सुधारायला बसलेल्या आईनं आपल्या हातानंच आग लावली, पण ते तिला नंतर कळलं.

त्याच सुमारास पाणवठ्याच्या वाटेवर अजगर निघाला. मांडीएवढा जाड. कोणाची तरी शेळी गिळून आडवा पडला होता, श्राद्धाचं जेवण झाल्यावर माणूस पडतो तसा. गावातली शहाणी माणसं जमली. एकानं त्याला काठीनं ढोसलं. दुसऱ्यानं शेपटी खांद्यावर घेऊन फोटो काढून घेतला. तिसरा म्हणाला, "विष नसतं त्याला. गरीब जनावर आहे." तेवढ्यात वनरक्षक आला आणि त्यानं सगळ्यांना मागं सारलं.

"विष नाही हे खरं," वनरक्षक म्हणाला. "पण अंगाशी झटायला गेलात तर वेढा घालील, मग विष लागतच नाही. दिसला की जागच्या जागी थांबा. ओरडू नका, काठी उगारू नका. जायचं तिकडं जाऊ द्या."

लोकांनी माना डोलावल्या आणि घरी पोचायच्या आत विसरून गेले. अख्ख्या गावात ते लक्षात ठेवणारा एकच निघाला. कोण ते सांगायला नको.

दुसऱ्या दिवशी आईनं अंगणात लुगडं अंथरून लग्नाचे पापड आणि कुरडया वाळत घातल्या आणि गुणाजीला राखणीला बसवलं. शेजारणीच्या शेळ्या आल्या. गुणाजी उठून जागच्या जागी थांबला. शेळ्यांनी पापड खाल्ले. मग कुरडया खाल्ल्या. आई आली तेव्हा एक शेळी खालचं लुगडं चघळत होती.

"गुणाजी, तू काय करत होतास?"

"थांबलो होतो."

"आणि हाकललं नाहीस?"

"ओरडायचं नाही. काठी उगारायची नाही. जायचं तिकडं जाऊ द्यायचं. त्यांना पापडाकडंच जायचं होतं."

आईनं कपाळावर हात मारून घेतला. "अरे कर्मा माझ्या, दारात कोणी आलं की आरडाओरडा करावा, काठी आपटावी, वेशीपर्यंत पिटाळून लावावं."

"बरं," गुणाजी म्हणाला.

आणि नेमके दुसऱ्या दिवशी नवऱ्या मुलाचे मामा मानपानाचं बोलायला आले. फेटाबिटा बांधून, हातात पेढ्याचा पुडा घेऊन. "आहे का कोणी घरात?" एवढंच म्हणाले. पुढचं त्यांना बोलता आलं नाही, कारण ते पळत होते. वेशीपर्यंत गुणाजीनं त्यांना सोडलं नाही. फेटा कुंपणावर राहिला आणि एक वहाण गटारात. पेढ्याचा पुडा तेवढा गुणाजीनं घरी आणला, कारण पेढ्यांना पिटाळायला कोणी सांगितलं नव्हतं.

गुणाजीचे वडील, म्हणजे आबा, त्याच दिवशी पलीकडच्या खोऱ्यात गेले आणि त्यांनी आपलं पागोटं व्याह्यांच्या पायावर ठेवलं. व्याही भिवाजीराव, देहानं अवाढव्य आणि मानाला त्याहून जड. ते म्हणाले, "या खेपेला सोडून दिलं. लग्नात तुमच्या मुलानं काही केलं, तर वऱ्हाड उभ्या पावली परत नेईन."

आबा घरी आले ते निम्मे होऊन आले. मुळात ते काडीसारखे, त्यात निम्मे. सगुणा चुलीपुढं बसून रडत होती. ती गुणाजीला म्हणाली, "दादा, माझ्यासाठी तरी नीट वाग रे."

"मी सांगितलेलं सगळं करतो," तो म्हणाला.

"तेच तर," सगुणा म्हणाली.

मग आबांनी त्याला शिकवलं. "दारात पाहुणा आला की हसून सामोरं जायचं. या बसा म्हणायचं. उराउरी भेटायचं. आणि मिठी कशी, समोरचा सैल करीपर्यंत आपण सैल करायची नाही. त्याला माया म्हणतात."

"बरं," गुणाजी म्हणाला.

चार दिवस कोणी पाहुणा आला नाही. पाचव्या दिवशी सकाळी आला. कोंबड्यांच्या वासानं परसातून सरपटत आला आणि उंबऱ्यावर डोकं टेकून थांबला. पाणवठ्यावरचाच तो अजगर. शेळी जिरली होती वाटतं.

गुणाजी हसून सामोरा गेला. "या, बसा. चालत आलात का?" असं म्हणाला, वाकला आणि त्याला त्यानं पोटाशी धरलं.

अजगर माणूस खायला आला नव्हता. त्याला कोंबडी हवी होती. माणसाच्या वाटेला तो सहसा जात नाही, आणि जांभूळखोलच्या अजगरांनी आजवर एकाही माणसाचा जीव घेतला नव्हता. पण त्यांना इतकी चांगली संधीही कोणी दिली नव्हती. त्यानं एक वेढा घातला. मग दुसरा. गुणाजीनं श्वास सोडला, की तेवढ्या जागेत तो आवळून घ्यायचा. पुन्हा श्वास घ्यायला जागा उरायची नाही. सगुणा बाहेर आली तेव्हा भावाचा चेहरा वांग्यासारखा झाला होता.

"दादा, सोड त्याला."

"तो... आधी... सोडेल," गुणाजी म्हणाला. "माया..."

सगुणानं गाव गोळा केला. गाव आला आणि आधी बघत उभा राहिला. मग चौघांनी वेढा मधेच धरून ओढला, तसा अजगरानं आणखी आवळला. एक म्हातारे म्हणाले, "कंटाळला की सोडेल." नशीब म्हणा की वनरक्षक पंचायतीत चहा पीत होता. तो धावत आला.

"मधे ओढू नका. एकानं डोकं पक्कं धरा. बाकीचे शेपटीकडं या. टोक धरा आणि उलगडत चला."

पाच माणसं लागली. दोरखंड सोडवावा तसा एकेक वेढा सुटला आणि गुणाजी धाडकन खाली पडला. सगुणानं त्याचं डोकं मांडीवर घेतलं. डोळे उघडल्यावर तो म्हणाला, "पाहुणा जेवला का?"

अजगर रानाकडं निघाला. दोघे शूर आता काठ्या घेऊन आडवे गेले, तर वनरक्षकानं त्यांना खेकसून मागं ओढलं. मग तो गुणाजीजवळ बसला. "नीट ऐक. असा वेढा पडलेला दिसला की बघत बसायचं नाही. मधे ओढायचं नाही. शेपटीचं टोक धरून उलगडायचं. सुटला की जाऊ द्यायचं, आडवं जायचं नाही. आणि त्यांच्यातलं एखादं मागं राहिलेलं दिसलं, तर पोत्यात घालून गाडीत टाकायचं. गावात ठेवायचं नाही. कळलं?"

"कळलं," गुणाजी म्हणाला. आणि खरंच कळलं होतं. त्याच्या बरगड्यांनाही कळलं होतं.

लग्नाचा दिवस आला. आईनं गुणाजीला मांडवाच्या कोपऱ्यात तांदळाच्या रिकाम्या पोत्यांवर बसवलं. "इथून हलायचं नाही. कोणाच्या जिवावर बेतलं तरच ऊठ."

"बरं," गुणाजी म्हणाला.

वऱ्हाडाचा टेम्पो आला. जयराम मुंडावळ्या बांधून पाटावर बसला. आता व्याहीभेट. एका बाजूनं आबा, दुसऱ्या बाजूनं भिवाजीराव, करवतकाठी कोरं धोतर नेसून. भिवाजीरावांनी मोठ्या मनानं मागचं सगळं विसरायचं ठरवलं होतं. त्यांनी हात पसरले आणि आबांना असं कवटाळलं, की आबा दिसेनासे झाले. नुसतं पागोटं वर राहिलं. रीतीप्रमाणे त्यांनी आबांना जमिनीवरून उचललं. लोक हसले. आतून "हं... हं..." असा आबांचा आवाज आला.

गुणाजी उठला. "बघत काय बसलात?" तो लोकांना म्हणाला. मधे ओढायची चूक त्यानं केली नाही. तो व्याह्यांच्या मागं गेला आणि त्यानं शेपटी शोधली. धोतराचा कासोटा मागं खोचलेला होता. त्याचं टोक धरलं आणि तो उलगडत चालला.

कोरं धोतर, चांगलं लांब. त्याबरोबर भिवाजीराव दोन गिरक्या फिरले आणि थांबले तेव्हा पट्ट्यापट्ट्यांच्या चड्डीत बायकांकडं तोंड करून उभे होते. सनई वाजायची थांबली.

"आबा, श्वास घे," गुणाजी म्हणाला.

भिवाजीरावांनी धोतर उचललंसुद्धा नाही. "वऱ्हाड उठवा," एवढं म्हणाले आणि टेम्पोकडं चालू लागले. आबा, आई, पंच, सगळे त्यांचे पाय धरायला धावले. पण मांडवाच्या दारात गुणाजी हात पसरून उभा होता.

"आडवं जायचं नाही. सुटला की जाऊ द्यायचं."

त्या गड्याला बाजूला सारणं कोणाला जमलं नाही. वऱ्हाड तेवढं त्यानं सोडलं. टेम्पो भरला. आई मांडवातच खाली बसली. सगुणा हातात हार घेऊन उभी होती, तिला रडायलाही सुचत नव्हतं.

पण जयराम पाटावरून उठला नव्हता. तो म्हणाला, "बाबांचं धोतर गेलं म्हणून माझं लग्न कशाला जायला हवं? मी उठत नाही. मला सगुणाच करायची आहे. भटजी, अंतरपाट धरा."

सगुणानं पहिल्यांदा मान वर केली. आईच्या डोळ्यांना धार लागली. आबांनी पागोटं सरळ केलं. लोक म्हणाले, मुलगा हिऱ्यासारखा आहे. भटजींनी घाईघाईनं अंतरपाट शोधायला घेतला.

गुणाजी दारातून वळला. त्यानं पाटाकडं पाहिलं, कपाळाला आठ्या घातल्या आणि कोपऱ्यातलं एक रिकामं पोतं उचललं.

"एक मागं राहिलंय," तो म्हणाला.

कोणी काही बोलायच्या आत पोतं जयरामच्या डोक्यावरून मुंडावळ्यांसकट खाली उतरलं होतं. गुणाजीनं ते खांद्यावर टाकलं, पळत जाऊन निघालेला टेम्पो गाठला, पोतं अलगद आत ठेवलं आणि फळीवर थाप मारली. टेम्पो घाटाच्या वळणावर दिसेनासा झाला तेव्हा तो हात झटकत परत आला.

सगुणा आता मोठमोठ्यानं रडत होती. गुणाजीनं तिच्या डोक्यावरून हात फिरवला.

"भिऊ नकोस सगुणे," तो म्हणाला. "आता त्यांच्यातलं एकही पुन्हा या घरात पाय ठेवणार नाही."