टिटवीची चाळीस मिनिटं

“शॉट कसा आहे, एवढंच सांगा ना, सर.”

मिहिर दांडेकरने कॅमेऱ्याचा छोटा पडदा केळुसकर सरांपुढे धरला. त्याचे दोन माहितीपट परदेशातल्या महोत्सवांत गाजले होते. आता त्याला एकच हवं होतं... सरांच्या शेवटच्या माहितीपटात कॅमेरामनचं काम.

सर एकवीस वर्षं हा एकच सडा चित्रित करत होते. कोकणातलं उघडं कातळपठार. वर्षाकाठी दहा मिनिटं हाती लागली तरी त्यांना पुरत. ती मिनिटं पाहिलेली माणसं सड्यावर पाऊल जपून टाकू लागत.

आवाज त्यांच्या पत्नी मुद्रित करायच्या. त्या गेल्याला दोन वर्षं झाली होती. सर अजून दोन घडीची स्टुलं घेऊन येत.

आजही आले होते, पण मिहिरच्या ट्रायपॉडपासून बरेच लांब थांबले होते. मिहिरच कॅमेरा काढून घेऊन त्यांच्याकडे धावला होता.

पडद्यावर टिटवी झेपावत होती, वळत होती, पुन्हा येत होती.

“सुरेख. किती वेळ मिळाली?”

“चाळीस मिनिटं! इतक्या जवळून तुम्हालाही मिळाली नसेल.”

“नाही मिळाली... आवाज?”

“काढून टाकणार. नुसता कलकलाट आहे. बासरी घालीन म्हणतो.”

“टिटवीला विचारलंस?”

मिहिर हसला. सर हसले नाहीत. त्यांनी वर पाहिलं. टिटवी अजून ट्रायपॉडवर घिरट्या घालत ओरडत होती.

“ही कोणावर ओरडतेय?”

“घार असेल... नाहीतर साप...”

“चाळीस मिनिटं?”

मिहिरने वळून ट्रायपॉडकडे पाहिलं.

“ट्रायपॉड घेऊन ये. खाली बघून चाल.”

तो परतला तेव्हा त्याचा चेहरा उतरला होता. “चार अंडी आहेत, सर. ट्रायपॉडच्या पायापासून वीतभर. उन्हात... मला खडेच वाटले.”

सर पाठ फिरवून चालू लागले. शंभरेक पावलांवर, एका उंचवट्याच्या आड स्टुलावर बसले; मिहिर शेजारी कातळावर टेकला.

ओरडणं थांबलं. टिटवी खालच्या डबक्याकडे उडाली.

“गेली!” मिहिर कुजबुजला.

“पोट भिजवायला. अंडी गार करायची आहेत ना.”

थोड्या वेळाने ती आली. लांब उतरली, थबकली, चार पावलं चालली... आणि खाली बसली.

मिहिरचा हात कॅमेऱ्याकडे गेला. तसाच मागे आला.

“सर, मी निघतो. तुमच्या कामाचा नाही मी.”

“आता काय दिसतंय?”

मिहिरने डोळे ताणून पाहिलं. “काहीच नाही. ती बसली आणि दिसेनाशीच झाली. नुसते दगड दिसतात.”

सरांनी दुसरं स्टूल उघडलं, हाताने पुसलं आणि त्याच्यापुढे सरकवलं.

“मग इथे लाव कॅमेरा.”