सोनवहेचा भोपळा

पूर्वी सोमगिरी नगरात राजा अरिंदम राज्य करीत असताना बोधिसत्त्व नावाड्याच्या कुळात जन्मला होता. राज्याच्या शिवेवर सोनवहा नदी, पलीकडे दुसऱ्या राजाचा देश. नदी दर पावसाळ्यात पात्र बदलायची, म्हणून दोघा राजांनी रीत घालून दिली होती. पाणी ओसरले की वरच्या अंगाने वाळका भोपळा सोडायचा. तो ज्या धारेने वाहत जाईल ती सीमा. तो खालच्या खडकापार होईपर्यंत कोणी नाव घालायची नाही, आणि भोपळ्याला शिवेल त्याचा हात तोडायचा.

त्या वर्षी भोपळा मधल्या बेटाच्या टोकाशी भोवऱ्यात अडकला. दोन दिवस तिथल्या तिथे गरगरत राहिला. दोन्ही काठांवर अंमलदार डोळे लावून बसले. चांगली पागोटी बांधलेली माणसे, आणि काम काय, तर भोपळा बघणे. बोधिसत्त्व वैतागला होता.

तिसऱ्या सकाळी बेटावरून हाका आल्या. काकडीची वाडी करणारी उत्तरा रात्रभर कळा देत होती आणि मूल आडवे होते. सुईण सामा या काठावर.

"नाव काढ रे," सामा म्हणाली.

"थांबा बाई. सीमा ठरायची आहे," अंमलदार म्हणाला.

"मग पोटातल्या पोराला जाऊन सांगा थांबायला. माझं नाही ऐकत ते."

बोधिसत्त्वाने नाव लोटली. बेटाला लागायची वाट भोवऱ्यातूनच होती. भोपळा मध्ये आला, तसा त्याने तो उचलून नावेत टाकला. दोन्ही काठांवर ओरडा उठला.

दुपारी उत्तराला मुलगी झाली. दोघीही वाचल्या. तोवर दोन्हीकडचे अंमलदार बेटावर येऊन ठेपले होते.

"हात पुढे कर," ते म्हणाले.

बोधिसत्त्वाने केला. "तोडा. पण कोणत्या राजाच्या हुकमानं? मी कुणाच्या देशात उभा आहे, ते भोपळा सांगणार होता."

एकाने तोडला असता तर बेट त्याचे ठरले असते, आणि ते दुसऱ्याला खपणारे नव्हते. दिवस मावळेपर्यंत दोघे भांडले आणि आल्या वाटेने गेले. त्या वर्षी सीमा ठरलीच नाही. बाळंतिणीला दोन्ही काठांवरून तूप आले.

एवढे सांगून शास्ता बुद्ध म्हणाले, "भिक्षूंनो, ते अंमलदार म्हणजे ओसरीत कुणाची चटई कुठवर, यावर सकाळपासून भांडणारे तुम्ही दोघे. सामा म्हणजे आजची भिक्षुणी सुमेधिनी. नावाडी मी होतो."

हात जाणार हे ठाऊक असून त्याने भोपळा उचलला. करुणा म्हणतात ती हीच.