न मळलेला गोळा

घरोघरी नुकते ओव्हन आले होते, तेव्हाची गोष्ट. सुमित्राकाकूंच्या परातीत बेदाणे घातलेला, स्कोन नावाच्या इंग्रजी छोट्या पावांचा गोळा बसला होता. शेजारच्या ताटलीत कालचे स्कोन दगड होऊन पडले होते. ते पाहून तो धास्तावला.

"भितोस काय?" परात म्हणाली. "इथं कणीक अर्धा तास मळतात, म्हणून पोळ्या मऊ होतात."

"बाई, मी पोळी नव्हे. फार मळलं की मी कडक होतो."

"नवे सगळे असंच म्हणतात."

काकूंनी मळायला मुठी वळल्या. मग कालच्या स्कोनवर बोट वाजवून पाहिलं आणि मुठी सोडल्या. गोळा हलकेच थापून वाटीनं कापला.

ओव्हनमध्ये त्यानं सुटकेचा श्वास घेतला, तो थेट फुगूनच बाहेर आला.

परात हळूच म्हणाली, "अरे, आणखी कोणाकोणाला असं न मळलेलं लागतं?"